पाणी स्वस्त, हिरा महाग: हे कोडं सुटायला शंभर वर्षं का लागली?

पाण्याशिवाय माणूस जगत नाही पण ते जवळपास फुकट मिळतं, आणि हिऱ्यावाचून कुणाचं काही अडत नाही तरी त्याची किंमत प्रचंड. अर्थशास्त्रज्ञ ॲडम स्मिथने 1776 च्या 'वेल्थ ऑफ नेशन्स' या पुस्तकात हे कोडं मांडलं. उपयोगाचं मूल्य वेगळं आणि बाजारातलं मूल्य वेगळं एवढं सांगून तो पुढे श्रम, मजुरी, नफा, जमिनीचा खंड (म्हणजे भाडं) याकडे वळला, म्हणजे किंमत कुठून येते हे बघायचं तर वस्तू बनवायला काय लागलं ते बघा, असा एकूण रोख.

डेव्हिड रिकार्डोने 1817 मध्ये हीच लाईन आणखी पक्की केली. तो लंडनच्या शेअर बाजारात पैसा कमावलेला माणूस, डोकं एकदम तर्कशुद्ध. वस्तूत किती श्रम गेले यावर तिचं मूल्य ठरतं असं त्याचं म्हणणं, पण दुर्मिळ पुतळे आणि चित्रं यांना हा नियम लागत नाही हे त्याने स्वतःच लिहून ठेवलंय. मला हा अपवाद फार महत्त्वाचा वाटतो, कारण थिअरीला तडा नेमका तिथेच होता, पण त्या वेळी कुणी तो उकरला नाही. मार्क्सने 1867 मध्ये श्रमाचा हाच धागा पकडून नफा म्हणजे कामगाराचं न दिलेलं श्रममूल्य असा निष्कर्ष काढला. आणि त्याच्याही आधी, 1848 मध्ये, जॉन स्टुअर्ट मिल या इंग्लिश विचारवंताने तर लिहून टाकलं होतं की मूल्याच्या नियमांत आता उलगडायचं काही शिल्लक नाही!

शिल्लक होतं, आणि ते सहाच वर्षांत छापूनही आलं. हर्मान गोसेन नावाच्या प्रशियातल्या माजी सरकारी अधिकाऱ्याने 1854 मध्ये एक पुस्तक काढलं, गणिताने भरलेलं, वाचायला जड, त्यामुळे ते जवळपास कुणी घेतलंच नाही. खचून त्याने उरलेल्या प्रती परत मागवल्या आणि 1858 मध्ये तो गेला.

त्याचं म्हणणं काय होतं? एखादी गोष्ट जसजशी जास्त मिळते तसतसं तिच्या पुढच्या भागातून मिळणारं समाधान कमी होत जातं. तहान लागलेल्याला पहिला ग्लास जीव वाचवणारा असतो, पाचव्याचं त्याला फारसं काही नसतं. बाजारात आपण 'सगळं पाणी की सगळे हिरे' असं कधी निवडतच नाही, आपण फक्त आणखी एक ग्लास किंवा आणखी एक हिरा घ्यायचा का हे ठरवतो, आणि पाणी भरपूर असल्याने त्या एका जादा ग्लासाची किंमत नगण्य असते. वाळवंटात हाच हिशोब उलटा होईल. म्हणजे प्रश्नच चुकीचा विचारला जात होता, एकूण उपयोगाची तुलना केली जात होती आणि किंमत ठरत होती शेवटच्या नगावर.

मग 1871 मध्ये इंग्लंडमध्ये विल्यम जेव्हन्स आणि व्हिएन्नात कार्ल मेंगर, आणि 1874 मध्ये स्वित्झर्लंडच्या लोझानमध्ये लिऑन वाल्रास, असे तीन अर्थशास्त्रज्ञ एकमेकांवर अवलंबून न राहता याच विचारापर्यंत पोचले. गंमत म्हणजे मेंगरने गणित वापरलं नाही आणि वाल्रासचं तर गणिताशिवाय पानच हलत नव्हतं. जेव्हन्सला 1878 मध्ये गोसेनच्या पुस्तकाचा पत्ता लागला, आणि आपल्या पुस्तकाच्या 1879 च्या आवृत्तीत त्याने गोसेनला उघडपणे श्रेय दिलं. खूप मोठा माणूस, असं करायला मन लागतं. वाल्रासनेही 1885 मध्ये या अनोळखी अर्थशास्त्रज्ञावर खास लेख लिहिला.

पण मग खर्चाला काहीच अर्थ नाही का? आहे. आल्फ्रेड मार्शल या इंग्लिश अर्थशास्त्रज्ञाने 1890 मध्ये सांगितलं की कात्रीचं वरचं पातं कागद कापतं की खालचं, असं विचारण्यात काही हशील नाही, मागणी आणि उत्पादनखर्च दोन्ही लागतात. फरक वेळेचा. आज बाजारात आलेली मासळी आजच संपवायची असते, तेव्हा भाव जवळपास पूर्ण गिऱ्हाईकाच्या मागणीवर ठरतो, बोटीला काय खर्च आला ते कुणी विचारत नाही. पण मागणी वर्षानुवर्षं वाढलेलीच राहिली तर नव्या बोटी बांधल्या जातात, नवी माणसं या धंद्यात येतात, आणि मग हळूहळू भाव खर्चाच्या आसपास येऊन टेकतो.