उसना अगार: ऊतिसंवर्धनात जेल आलं कुठून?

ऊतिसंवर्धनात, म्हणजे वनस्पतीचा तुकडा बाटलीत निर्जंतुक वाढवताना, त्याचं अन्न म्हणजे मिडिया बनवायचा तर अगार हा जेली करणारा पदार्थ सगळ्यात शेवटी पडतो. आधी क्षार, मग जीवनसत्त्वं, साखर, संप्रेरकं. मग पीएच ५.८ च्या आसपास आणायचा आणि त्यानंतर लिटरमागे सात-आठ ग्रॅम अगार. प्रबंधातल्या यादीतही त्याची जागा शेवटचीच, बहुतेक वेळा अर्ध्या ओळीची. क्षारांचं प्रमाण मिलिग्रॅमपर्यंत दिलेलं असतं, अगारच्या पुढे मात्र कित्येकदा बनावटीचं नावही नसतं. रोपाला टेकू द्यायचा, एवढंच त्याचं काम, असा समज त्यामागे आहे. हा समज कुठून आला हे पाहायचं तर आधी वनस्पतिशास्त्राच्या बाहेर जावं लागतं, कारण अगार वनस्पतींसाठी कुणी निवडलेलाच नव्हता.

जेलिडियम, ग्रॅसिलारिया अशा लाल समुद्रशैवालांच्या पेशीभित्तिकेतून तो निघतो. शैवाल उकळून त्याची जेली करणं पूर्व आशियात जुनंच. ती वाळवून साठवायची युक्ती मात्र जपानमधली, आणि तिची एक गोष्ट सांगतात. १६५८ च्या सुमाराला क्योटोजवळ फुशिमीला मिनोया तारोझाएमोन नावाच्या खाणावळवाल्याने उरलेली जेली थंडीत बाहेर टाकली. रात्री ती गोठायची, दिवसा पाणी गळून जायचं. काही दिवसांनी हातात आला कोरडा, हलका, पांढुरका पदार्थ. तो पुन्हा उकळला की जेली तयार. गोष्ट खरी असो वा रचलेली, गोठवून आणि वितळवून पाणी काढण्याची रीत पुढे अगारच्या उद्योगाने जशीच्या तशी उचलली. जपानीत त्याला ‘कांतेन’ म्हणतात, म्हणजे थंड आकाश.

स्वयंपाकघरातून प्रयोगशाळेत तो आला १८८१-८२ च्या सुमारास. वॉल्टर हेस हे जर्मन डॉक्टर बर्लिनला जंतुशास्त्रज्ञ रॉबर्ट कॉख यांच्याकडे हवेतल्या जंतूंवर काम करत होते. तेव्हा जंतू वाढवायचे ते जिलेटिनवर. जिलेटिनच्या दोन अडचणी होत्या. उन्हाळ्यात ते वितळायचं, आणि थंडीतही काही जंतू ते पचवून पातळ करून टाकायचे. कॉखना शरीराच्या तापमानाला वाढणारे जंतू हवे होते, आणि त्या तापमानाला जिलेटिनचं पाणीच होतं. हेस यांच्या पत्नी फॅनी या मूळच्या न्यूयॉर्कच्या. नवऱ्याच्या कामात मदत करायच्या, प्रयोगांची चित्रं काढायच्या. त्यांच्या जेली उन्हाळ्यातही घट्ट राहतात कशा, असं नवऱ्याने विचारलं तेव्हा त्यांनी अगारचं नाव सांगितलं, अशी घरातली आठवण आहे. त्यांना तो माहीत होता जावा बेटावर राहून आलेल्या डच शेजाऱ्यांमुळे.

अगारची खुबी अशी की तो वितळायला सुमारे ८५ अंश लागतात, पण थिजतो ३२ ते ४० अंशांच्या दरम्यान. एकदा थिजला की उबवण यंत्रातही तसाच राहतो, आणि फार थोडे जंतू त्याला पचवू शकतात. कॉखनी १८८२ च्या क्षयरोगावरच्या निबंधात त्याचा उल्लेख जेमतेम एका वाक्यात केला. फॅनीचं नाव त्यात नाही. (तिचा अगार ज्या ताटलीत ओततात तिला मात्र, १८८७ मध्ये ती मांडणाऱ्या पेट्रीचं नाव मिळालं आणि ते आजतागायत टिकलं.)

वनस्पतींच्या पेशी शरीराबाहेर वाढवायचं स्वप्न त्यानंतर वीस वर्षांनी रीतसर मांडलं गेलं. गॉटलिब हाबरलांट यांनी १९०२ मध्ये पानातल्या सुट्या पेशी पोषक द्रवात ठेवल्या. त्या काही आठवडे जगल्या, फुगल्या, पण एकही विभागली नाही. त्या काळी संप्रेरकं कुणाला ठाऊक नव्हती, त्यामुळे दोष जेलच्या अभावाला देण्यात अर्थ नाही. पण पुढे प्रश्न उभा राहिला तो साधा, भौतिक होता: ऊतीचा तुकडा द्रवात टाकला की बुडतो, आणि बुडाला की गुदमरतो. त्याला खालून पाणी आणि अन्न हवं, वरून हवा. जंतुशास्त्रज्ञांकडे यावरचा उपाय तयारच होता, तो वनस्पतिवाल्यांनी उसना घेतला.

त्या उसनवारीचं सगळ्यात देखणं फळ मिळालं ऑर्किडवाल्यांना. ऑर्किडचं बी धुळीसारखं, त्यात साठवलेलं अन्न जवळजवळ नाहीच. निसर्गात बुरशीची साथ मिळाल्याशिवाय ते रुजत नाही. कॉर्नेल विद्यापीठात लुईस नडसन यांनी १९२२ मध्ये दाखवून दिलं की अगारच्या मिडियात साखर घातली तर बुरशीवाचूनही बी रुजतं. बी एवढं बारीक की द्रवात ते हरवून जाईल. अगारच्या पृष्ठभागावर ते दिसतं, मोजता येतं, उचलून दुसरीकडे लावता येतं. ऑर्किडचा व्यवसाय पुढे याच काचेच्या बाटल्यांमधून वाढला.

१९३९ हे वर्ष ऊतिसंवर्धनाच्या प्रत्येक पुस्तकात असतं. फ्रान्समध्ये गोथरे आणि नोबेकूर यांनी गाजराच्या ऊती, अमेरिकेत फिलिप व्हाइट यांनी तंबाखूच्या संकराच्या ऊती सतत वाढत ठेवून दाखवल्या. पुस्तकं इथेच थांबतात. मला मात्र व्हाइट यांचंच त्याच वर्षीचं दुसरं निरीक्षण जास्त मोलाचं वाटतं. अगारवर त्यांची ऊती निराकार गोळा म्हणून वाढत होती. तीच ऊती द्रवात बुडवून ठेवल्यावर तिला कोंब फुटले. क्षार तेच, साखर तीच, बदललं ते फक्त जेल. बुडालेल्या ऊतीला प्राणवायू कमी मिळतो, त्याचा हा परिणाम असावा, असं व्हाइट यांचं मत होतं. कारण काहीही असो, टेकू बदलल्यावर रोपाचं वागणं बदलतं हे तेव्हाच कागदावर आलं होतं. ते लोक विसरले.

विसरायला कारण होतं. १९५७ मध्ये स्कूग आणि मिलर यांनी ऑक्सिन आणि कायनेटिन या दोन संप्रेरकांचं गुणोत्तर बदलून मुळं की कोंब हे ठरवता येतं हे दाखवलं, आणि सगळ्यांचं लक्ष संप्रेरकांकडे गेलं. १९६२ मध्ये मुराशिगे आणि स्कूग यांचा मिडिया आला. ‘एमएस’ या दोन अक्षरांनी तो आज जगभरच्या प्रयोगशाळांत ओळखला जातो. तो निबंध म्हणजे क्षारांच्या प्रमाणाचा बारकाईने केलेला हिशेब. नायट्रोजन किती, पोटॅशियम किती, लोह कोणत्या रूपात, सगळं तपासलेलं. आणि हा हिशेब ज्यात ओतायचा तो अगार स्वतः समुद्रातून सोडियम, कॅल्शियम, मॅग्नेशियम, लोह घेऊन आलेला. किती, ते शैवाल कुठलं आणि कारखान्यात ते कितपत धुतलं यावर अवलंबून. म्हणजे वजन काट्यावर करायचं आणि पिशवीत मूठभर अंदाजाने टाकायचं, असा प्रकार.

अगार हा एक पदार्थ नाही हेही तोवर माहीत झालं होतं. जपानमध्ये चोजी अराकी यांनी १९३७ मध्ये त्याचे दोन घटक वेगळे दाखवले: थिजण्याचं खरं काम करणारा अगारोज, आणि सल्फेटसारखे विद्युतभारित गट बाळगणारा अगारोपेक्टिन. दुसऱ्याचं प्रमाण जास्त असेल तर जेल मऊ पडतं आणि मिडियातले काही रेणू स्वतःकडे धरून ठेवतं. फार नाजूक कामात हा फरक लगेच दिसतो. पेशीभित्तिका काढून टाकलेल्या उघड्या पेशी साध्या अगारमध्ये मरत, त्या शुद्ध अगारोजमध्ये वसाहती करू लागल्या, हे १९८३ मध्ये अनेक वनस्पतींत दिसून आलं.

मधल्या काळात युद्धाने एक धक्का दिला होता. दुसऱ्या महायुद्धापूर्वी अगार म्हणजे जपान, असंच समीकरण होतं. १९४१ नंतर दोस्त राष्ट्रांचा पुरवठा तुटला. रोगनिदानाच्या प्रयोगशाळा, लशी, सगळं अगारवर अडलेलं. मग प्रत्येकाने आपापला किनारा धुंडाळला. न्यूझीलंडमध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ ल्युसी मूर यांनी उपयोगी शैवाल कुठे मिळतं ते शोधलं आणि टेरोक्लॅडियापासून अगार बनू लागला. ब्रिटनमध्ये आपल्याच किनाऱ्यावरच्या दुसऱ्या लाल शैवालांवर भागवाभागव झाली. युद्धानंतर स्पेन, पोर्तुगाल, मोरोक्को हे जेलिडियमचे मोठे पुरवठादार झाले. ऊतिसंवर्धनाच्या दृष्टीने याचा अर्थ असा की ‘अगार’ या एकाच नावाखाली आता चार समुद्रांतले वेगवेगळे पदार्थ बाजारात येऊ लागले.

त्याची किंमत सत्तर-ऐंशीच्या दशकात मोजावी लागली, तोवर सूक्ष्मप्रवर्धन, म्हणजे बाटल्यांत एका रोपाची हजारो रोपं करणं, हा धंदा झाला होता. एका प्रयोगशाळेत उत्तम चाललेली कृती दुसरीकडे फसायची. १९७१ मध्ये रॉमबर्गर आणि टेबर यांनी स्प्रूस या सूचिपर्णी झाडाच्या शेंड्यांवर दाखवलं की अगारचं प्रमाण वाढलं की वाढ घटते. मग बेल्जियममध्ये डेबर्ग यांनी आर्टिचोक या भाजीवर केलेलं काम आलं. त्या रोपांना एक रोग जडायचा, जंतूंशिवायचा: पानं काचेसारखी पारदर्शक, पाण्याने फुगलेली, हाताला लागताच मोडणारी. बाटलीत टवटवीत दिसायची आणि बाहेर काढली की तासाभरात माना टाकायची. अगार वाढवला तर अशी काचरोपं कमी व्हायची, पण त्याबरोबर फुटव्यांची संख्याही घटायची. १९८३ च्या निबंधात डेबर्गनी अगारचं प्रमाण आणि बनावट या दोन्हींचा परिणाम मांडला. घट्ट जेलमधून रोपाला पाणी ओढणं जड जातं, आणि सायटोकायनिनही (कायनेटिनच्या गटातली, कोंब फोडणारी संप्रेरकं) कमी पोचतं. व्हाइट यांनी चव्वेचाळीस वर्षांपूर्वी पाहिलेली गोष्ट आता पुन्हा शिकावी लागली.

नेमका याच सुमारास एक नवा प्रतिस्पर्धी आला, आणि तो समुद्रातला नव्हता. अमेरिकेतल्या केल्को कंपनीत उपयोगी चिकट पदार्थ बनवणाऱ्या जिवाणूंचा शोध चालू होता. एलोडिया या पाणवनस्पतीवर सापडलेला एक जिवाणू असा निघाला की त्याचा स्राव अगारसारखा थिजायचा. त्याचं नाव स्यूडोमोनास एलोडिया ठेवलं, पुढे स्फिंगोमोनास झालं. १९८२ मध्ये ही माहिती प्रसिद्ध झाली. पदार्थाचं नाव जेलन गम. प्रयोगशाळांत तो जेलराइट, फायटाजेल या व्यापारी नावांनी पोचला.

जेलन लागतो लिटरमागे दोन-तीन ग्रॅम, म्हणजे अगारच्या निम्म्याहूनही कमी. काचेसारखा स्वच्छ असतो, त्यामुळे मुळं आरपार दिसतात आणि कंटॅमिनेशनचा, म्हणजे जंतूंच्या शिरकावाचा, पहिला धुरकट ठिपका लगेच लक्षात येतो. अगारच्या पिवळट जेलमध्ये तो दोन दिवस लपून राहतो. पण जेलनची एक अट आहे: तो थिजायला कॅल्शियम, मॅग्नेशियमसारखे आयन हवेत. एमएसमध्ये ते भरपूर, म्हणून तिथे अडत नाही. क्षार निम्मे किंवा चौथाई केले की तोच जेलन ढिला पडतो, आणि नवख्या माणसाला वाटतं वजनात चूक झाली. पावडर गरम पाण्यात एकदम टाकली तर गुठळ्या होतात, त्या आतून कोरड्याच राहतात. थंड पाण्यात, ढवळत ढवळत, चिमटीचिमटीने टाकावी लागते. आणि पुष्कळ जातींमध्ये काचरोपांचं प्रमाण जेलनवर अगारपेक्षा जास्त निघतं. अगारच्या अशुद्धीच कधीकधी रोपाच्या पथ्यावर पडत होत्या की काय, अशी शंका यावी.

जेलकडे साधन म्हणून पाहण्याची खरी सुरुवात मला १९९७ च्या पाइनवरच्या कामात दिसते. क्लिमाशेव्स्का आणि स्मिथ यांनी पूर्व अमेरिकेतल्या पांढऱ्या पाइनचे कायिक भ्रूण (बीजाऐवजी साध्या ऊतीतून तयार झालेले) पक्व करण्यासाठी जेलनचं प्रमाण मुद्दाम वाढवलं, नेहमीच्या कितीतरी पट. हेतू असा की भ्रूणाला पाणी सहज मिळू नये. बीजात पक्व होणाऱ्या भ्रूणालाही अखेरीस पाण्याचा तुटवडा सोसावा लागतो, तोच बाटलीत जेलच्या घट्टपणातून घडवला.

स्वस्त पर्यायांची शोधाशोध मात्र निराळ्या गरजेतून झाली. मिडियातल्या महाग घटकांत अगार वरच्या क्रमांकावर असतो. फिनलंडमध्ये सोर्वारी यांनी १९८६ मध्ये बार्लीच्या परागकोशांसाठी बार्लीचाच स्टार्च वापरला, आणि तो अगारपेक्षा सरस ठरला. दिल्ली विद्यापीठात बब्बर आणि जैन यांनी १९९८ मध्ये इसबगोल, मग कतिरा गोंद, पुढे ग्वार गोंद वापरून पाहिले. इसबगोलाची भुशी पाण्यात फुगते हे सगळ्यांना माहीत. ऑटोक्लेव्हमधल्या (निर्जंतुक करायच्या वाफेच्या यंत्रातल्या) १२१ अंशांतून जाऊनही ती रोपाला धरून ठेवते, हे दाखवणं बाकी होतं. हे पर्याय चालतात. अडचण येते ती हाताला: मिश्रण भराभर दाटतं, बाटल्यांत ओतेपर्यंत वेळ देत नाही. २०१५ च्या सुमारास मोरोक्कोने जेलिडियमची तोड आणि निर्यात मर्यादित केली, अगारची टंचाई झाली आणि भाव चढले, तेव्हा हे जुने निबंध पुन्हा चाळले गेले.

दुसरी वाट जेलच टाळण्याची. गाळणकागदाच्या पुलावर रोप ठेवून खाली द्रव, हा प्रकार जुना. १९९३ मध्ये फ्रेंच संशोधकांनी केळीवर ठरावीक वेळाने थोडा वेळ द्रवात भिजवून पुन्हा हवेत ठेवण्याची पद्धत तपासली. हवा आणि अन्न आळीपाळीने दिलं की टेकूची गरजच उरत नाही. तरी बहुतेक ठिकाणी अगारच चालू आहे, कारण त्याच्या बाटल्या रॅकवर महिनाभर बिनबोभाट उभ्या राहतात.

त्याचा शेवटचा त्रास हार्डनिंगच्या, म्हणजे रोप बाटलीतून काढून मातीची सवय लावायच्या दिवशी होतो. रोप बाटलीतून काढलं की मुळांना अगारचे लोंबते गोळे चिकटलेले असतात, आणि त्यात साखर. तसंच कुंडीत लावलं तर त्या साखरेवर बुरशी येते. म्हणून कोमट पाण्याखाली एकेक रोप धरून बोटांनी ते सोडवत बसायचं, मुळं न मोडता. जेलमध्ये फुटलेल्या त्या मुळांना केसमुळं बहुधा नसतात, आणि ती ठिसूळ असतात. मातीत गेल्यावर रोपाला पुष्कळदा नवी मुळं काढावी लागतात. म्हणूनच काही ठिकाणी मुळं फुटायच्या टप्प्यावर अगार पूर्ण बंद करून व्हर्मिक्युलाइट (फुगवलेलं सच्छिद्र खनिज) किंवा सेल्युलोजचे सच्छिद्र ठोकळे वापरतात, ज्यांतून रोप काढावंच लागत नाही.