जुन्या चित्रपटातली आई रुंद का दिसते?

कोल्हापूरच्या मंगळवार पेठेतल्या घरात ४३ इंची टीव्हीवर १९५० च्या सुमाराचा हिंदी कौटुंबिक चित्रपट लावला, की पडद्यावरची आई बऱ्याचदा रुंद दिसते. त्या काळी चित्रचौकटीची रुंदी उंचीच्या १.३७ पट असे. आजच्या टीव्हीची १.७८ पट असते. कडेच्या काळ्या पट्ट्या नकोत म्हणून कुणीतरी ‘स्ट्रेच’ दाबतं आणि चेहरे ३० टक्के फुगतात. ‘झूम’ त्याहून वाईट, कारण वरून-खालून मिळून जवळजवळ पाव चित्र कापलं जातं. जिन्यावर उभे वडील, खाली मान घालून मुलगा, पाया पडणारी सून... या चित्रपटांत नात्यांची उतरंड उंचीवरच तर मांडलेली असते! बाबूराव पेंटरांसारख्या चित्रकाराने जिथे स्वतः कॅमेरा घडवला, त्या कोल्हापुरात चौकटीचं मोल वेगळं सांगायला नको. ‘ओरिजिनल’ किंवा ‘४:३’ निवडा. प्रतच ताणलेली असेल, तर बाजूने दिसणाऱ्या गाडीचं चाक लंबगोल दिसेल.

दुसरी तक्रार असते, ‘चित्रपट मालिकेसारखा वाटतो.’ फिल्मवर सेकंदाला २४ चित्रं असतात, टीव्ही पडदा ६० वेळा ताजा करतो. भागाकार पूर्ण जात नाही, म्हणून एक चित्र दोनदा, पुढचं तीनदा दाखवावं लागतं आणि कॅमेरा आडवा फिरताना दृश्य अडखळतं. ते लपवायला टीव्ही दोन चित्रांच्या मधली चित्रं स्वतः रचतो आणि हालचाल मालिकेसारखी गुळगुळीत दिसते. हात जोरात हलला, की त्याचा अंदाज चुकतो आणि बांगड्यांच्या कडा विरघळतात. ही ‘मोशन स्मूदिंग’ नावाची सोय बंदच करावी. थोडं अडखळणं चालेल, खोटी हालचाल नको. शार्पनेसही कमी ठेवा, नाहीतर फिल्मचा नैसर्गिक दाणा वाळूसारखा टोचतो.

आवाज मूळचा मोनो, म्हणजे एकाच ध्वनिमार्गाचा. सराउंड बंद केलं की संवाद सुटे ऐकू येतात.

गाणं चढ्या सुरात वाटलं, तर प्रत बहुधा जुन्या टीव्ही-पद्धतीची, सेकंदाला २५ चित्रांनी पळवलेली आहे. सूर पेटीच्या लगतच्या दोन पट्ट्यांमधल्या अंतराच्या सुमारे ७० टक्के वर सरकतो. पडताळा सोपा आहे. सुरुवातीच्या सेन्सॉर प्रमाणपत्रावर लांबी दिलेली असते. ३५ मिमी फिल्म मिनिटाला ९० फूट, म्हणजे २७.४ मीटर धावते. १६,२०० फूट म्हणजे १८० मिनिटं. प्रत १७३ मिनिटांच्या आसपास संपली, तर ती पळवलेली. त्याहून बरीच आधी संपली, तर एखादं गाणं किंवा प्रसंग कापलेला आहे. दुसरी प्रत शोधा.