युनिक एंटिटी आयडेंटिफायर

युनिक एंटिटी आयडेंटिफायर, अर्थात यूईआय, हा अमेरिकेच्या संघीय सरकारकडे कंत्राट किंवा अनुदान मागणाऱ्या संस्थेला मिळणारा बारा अक्षर-अंकांचा ओळख क्रमांक. शस्त्रास्त्रे पुरवणारी कंपनी असो, संशोधनासाठी निधी मागणारे विद्यापीठ असो की छोटीशी स्वयंसेवी संस्था, अर्जावर हा क्रमांक लागतोच. सिस्टिम फॉर अवॉर्ड मॅनेजमेंट (सॅम) या सरकारी संकेतस्थळावर तो विनामूल्य मिळतो. ४ एप्रिल २०२२ रोजी त्याने जुन्या डन्स क्रमांकाची जागा घेतली.

डन्स क्रमांक सरकारचा नव्हताच. डन अँड ब्रॅडस्ट्रीट ही खासगी कंपनी व्यापाऱ्यांच्या आर्थिक विश्वासार्हतेची माहिती विकत असे. तिने १९६३ मध्ये आपल्या सोयीसाठी हे नऊ आकडी क्रमांक सुरू केले. पुढे सरकारने ते कंत्राटदारांसाठी वापरायला घेतले आणि ऑक्टोबर २००३ पासून अनुदानाच्या अर्जदारांनाही सक्तीचे केले. सरकारी पैसा कोणाला मिळाला हे जनतेला दिसावे म्हणून २००६ मध्ये कायदा झाला. जॉर्ज बुश यांनी सही केलेल्या या कायद्यामागे टॉम कोबर्न आणि बराक ओबामा हे दोन विरुद्ध पक्षांचे सिनेटर होते. त्या कायद्यातून उभ्या राहिलेल्या खर्चाच्या नोंदीही डन्सवरच बेतलेल्या होत्या. म्हणजे सार्वजनिक हिशेबाची किल्ली एका कंपनीच्या हाती, आणि ती माहिती सरकारने कशी वापरायची याच्या अटीही तिच्याच. २०१२ मध्ये सरकारी खर्चाची तपासणी करणाऱ्या गव्हर्नमेंट अकाउंटेबिलिटी ऑफिसने या मक्तेदारीमुळे खर्च वाढतो, असे स्पष्ट नोंदवले. २०१६ मध्ये खरेदीच्या नियमावलीतून डन्सचे नाव वगळले गेले. मार्च २०१९ मध्ये संस्थांच्या पडताळणीचे पाच वर्षांचे, सुमारे ४ कोटी १८ लाख डॉलरचे काम अर्न्स्ट अँड यंगला मिळाले. पडताळणी खासगी कंपनीकडेच राहिली, पण क्रमांक आता सरकारचा आहे. हा फरक मोठा आहे.

क्रमांकाची रचना विचारपूर्वक केलेली आहे. शून्य आणि एक यांच्याशी गल्लत होऊ नये म्हणून त्यात इंग्रजीतील ओ आणि आय ही अक्षरे येत नाहीत. सुरुवात शून्याने होत नाही, कारण संगणकीय तक्त्यात पहिले शून्य गळून पडते. सलग नऊ आकडेही टाळलेले आहेत, नाहीतर तो डन्स किंवा कर क्रमांक वाटला असता.

मिळवणे मात्र कागदावर दिसते तितके सोपे नाही. संस्थेचे कायदेशीर नाव आणि प्रत्यक्ष पत्ता कागदपत्रांशी तंतोतंत जुळावा लागतो. कार्यालय हलले पण नोंदणीचा पत्ता बदलला नाही, एवढ्यानेही अर्ज अडकतो. २०२२ च्या बदलानंतर पडताळणीचे असे अर्ज मोठ्या संख्येने तुंबले आणि अनेकांना आठवडेच्या आठवडे थांबावे लागले. मोठ्या कंपनीत या कामाला स्वतंत्र माणूस असतो. स्वयंसेवकांवर चालणाऱ्या संस्थेकडे तो नसतो, आणि अनुदानाची मुदत तिच्यासाठी थांबत नाही. म्हणून अनुदानाची घोषणा होण्याआधीच नोंदणी करून ठेवणे इष्ट.

यूईआय मिळाला म्हणजे नोंदणी पूर्ण झाली असे नव्हे. क्रमांक कायम राहतो, पण सॅममधील नोंदणी दर ३६५ दिवसांनी नव्याने करावी लागते. तिच्यासाठी अमेरिकी संस्थेला महसूल खात्याचा ईआयएन, म्हणजे नऊ आकडी कर क्रमांक, लागतो. संरक्षण खात्याच्या डिफेन्स लॉजिस्टिक्स एजन्सीचा केज कोड, म्हणजे पुरवठादाराची पाच अक्षर-अंकांची ओळख, तिला या नोंदणीतूनच मिळतो. परदेशी संस्थेला त्याचा भाऊबंद, एनकेज, आधीच घ्यावा लागतो. मूळ अनुदान दुसऱ्या संस्थेला मिळाले असून तिच्यामार्फत निधी घेणाऱ्या उपसंस्थेला मात्र पूर्ण नोंदणी लागत नाही, नुसता यूईआय पुरतो.

नोंदणी सार्वजनिक असल्याने संस्थांना खासगी दलालांची सरकारी वाटावीत अशी पत्रे येतात. नूतनीकरणासाठी त्यांत शुल्क मागितलेले असते. सरकार मात्र यूईआय, नोंदणी आणि नूतनीकरण यांपैकी कशासाठीही एक सेंटसुद्धा घेत नाही.