सोमवारचं धुणं

व्हिक्टोरिया राणीच्या इंग्लंडमध्ये सोमवार म्हणजे धुण्याचा वार. ज्या घरांत सोय होती, तिथे विटांच्या चुलाण्यावर तांब्याचा मोठा हंडा पक्का बसवलेला असे. त्यातलं 50 लिटर गार पाणी उकळायला कमीत कमी सव्वापाच युनिट विजेइतकी उष्णता लागते. म्हणजे दोन किलोवॅटचा गिझर अडीच तासांहून जास्त चालवायचा. बरीच उष्णता धुराड्यातून निघून जाई, त्यामुळे कोळसा त्याहून कितीतरी जास्त जळायचा. गरीब वस्तीत पाणी गल्लीतल्या पंपावरून आणायचं. हंडा भरायला पन्नास किलो, कपडे खळबळायला पुन्हा तेवढंच, आणि वाहणारी बाईच.

लंडनचं पाणी जड. खडूच्या थरांतून येताना त्यात कॅल्शियमचे क्षार विरघळतात. साबण त्यांच्याशी जुळून न विरघळणारा चिकट साका बनतो आणि फेस धरत नाही. म्हणून पाण्यात आधी धुण्याचा सोडा घालायचा. त्याने कॅल्शियम खडूच्या रूपात तळाशी बसतो आणि थोडक्या साबणात काम भागतं. 1853 पर्यंत साबणावर सरकारी कर होता, तेव्हा ही काटकसर फार मोलाची होती. पण तोच सोडा कातडीवरचं तेलही काढून नेतो. धुणं धुणाऱ्या बायकांचे हात लाल होऊन भेगाळत.

याच हंड्याने माणसंही वाचवली. 1832 साली लिव्हरपूलमध्ये कॉलरा पसरला, तेव्हा किटी विल्किन्सन या कष्टकरी बाईने आपल्या घरचा बॉयलर शेजाऱ्यांना वापरायला दिला. रोग्यांच्या जुलाबांनी भरलेल्या कपड्यांतून, अंथरुणांतून कॉलऱ्याचे जंतू पसरतात. उकळत्या पाण्यात ते मरतात. जर्मन डॉक्टर रॉबर्ट कॉखने त्या जंतूची ओळख पटवली 1884 मध्ये, म्हणजे अर्ध्या शतकानंतर. वैद्यकाच्या इतिहासात कॉखइतकाच मान किटीला मिळायला हवा, असं मला मनापासून वाटतं.

तिच्या प्रयत्नांतून 1842 साली लिव्हरपूलच्या फ्रेडरिक स्ट्रीटवर सार्वजनिक धुणीघर उघडलं. 1846 च्या कायद्याने इतर गावांनाही करांच्या पैशातून अशी धुणीघरं बांधता येऊ लागली. तिथे गरम पाणी तयार मिळे, कोळसा आणि पंपावरच्या खेपा वाचत. कपडे घासणं, पिळणं मात्र हातानंच.