खान्देशातला रेडिओ आणि अपघाताची रात्र : पार्श्वभूमी

२२ जानेवारी २०२५ला संध्याकाळी जळगाव जिल्ह्यातल्या पाचोरा तालुक्यात, माहेजी आणि परधाडे स्टेशनांच्या दरम्यान, आगीच्या अफवेने पुष्पक एक्स्प्रेसमधून उतरलेले प्रवासी शेजारच्या रुळावरच्या कर्नाटक एक्स्प्रेसखाली सापडले. मृतांचा आकडा रात्रभर वाढत गेला. अशा रात्री रेडिओवर माइकसमोर बसलेल्यांच्या ताणाचं मूळ बरंच जुनं आहे.

जळगावला रेडिओ केंद्र आलं, पण प्रादेशिक बातम्या पुणे-मुंबईहूनच येत राहिल्या. संकटाचा इथला मुख्य अनुभव तापीच्या पुराचा. हतनूर धरणाचे ४१ दरवाजे. त्यातले किती उघडले, किती क्युसेक पाणी सोडलं, हे पाटबंधारे खात्याकडून लेखी यायचं. निवेदकाने ते वाचायचं आणि काठावरच्यांनी गुरं हलवायची. आकडा सहीनिशी हातात असे. अपघातात तसा कागद लवकर येतच नाही.

खासगी एफएम आल्यावर पेच वाढला. त्यांना स्वतःच्या बातम्या देण्यास बंदी आहे. केंद्र सरकारच्या २०११च्या एफएम धोरणाने काही विषय ‘बातमी’ धरले नाहीत, म्हणजे त्यांवर बोलायची मुभा दिली : वाहतूक, हवामान, परीक्षांचे निकाल, वीज-पाणी आणि स्थानिक प्रशासनाने कळवलेली नैसर्गिक आपत्ती. म्हणजे तापीला पूर आला तर बोलता येतं. रेल्वे अपघात मात्र नैसर्गिक आपत्ती नाही. गाड्या खोळंबल्या हे वाहतुकीत बसवता येईल, पण माणसं दगावली हे कशात बसवायचं? ही रेघ कागदावर आखली गेली, ती ओलांडायची की नाही हे मात्र ऐन कार्यक्रमात, बहुतेकदा पंचविशीतल्या निवेदकाला ठरवावं लागतं. कुणी नातेवाइकाचं नाव विचारत फोन करतं आणि त्याने पुढचं गाणं लावायचं. हा भार त्याच्यावर टाकणं अन्यायाचं आहे. परवाना जाण्याच्या भीतीने गप्प बसलेल्या स्टुडिओची जागा व्हॉट्सअॅपवरच्या अफवा घेतात, आणि परधाडेला तर माणसं अफवेनेच गेली.

जानेवारी २०१९पासून खासगी केंद्रांना सरकारी बातमीपत्र प्रसारित करायची मुभा मिळाली, तीही एका शब्दाचा बदल न करता. दिल्लीच्या बातमीपत्रात पाचोऱ्याला एखाद-दुसरं वाक्य मिळतं. कोणत्या रुग्णालयात जायचं, कुठे चौकशी करायची, हे त्यात नसतं.