ऑडिओ प्रोसेसिंग सॉफ्टवेअर (रेडिओ व इंटरनेट प्रसारण)

स्टुडिओतला आवाज ट्रान्समीटरकडे किंवा स्ट्रीमिंग सर्व्हरकडे जाण्यापूर्वी त्याची पातळी व टोन सांभाळणारी संगणकप्रणाली. जुने चित्रपटगीत, लगेच दणदणीत जाहिरात, मग माईकपासून लांब बसलेला पाहुणा, हे सगळे श्रोत्याला आवाजाच्या बटणाला हात न लावता ऐकता यावे, हा तिचा मूळ हेतू.

पूर्वी हे काम स्वतंत्र यंत्रे करत. रॉबर्ट ऑर्बन यांच्या ‘ऑप्टिमॉड-एफएम’ने १९७५ मध्ये कॉम्प्रेसर (मोठ्या व लहान आवाजातले अंतर कमी करणारा), लिमिटर (आवाज ठरलेल्या पातळीवर रोखणारा) आणि स्टिरिओ जनरेटर (डावा-उजवा आवाज एका संकेतात बांधणारा) एकाच पेटीत आणले. आज तीच कामे साधा पीसी करतो; नेदरलँड्समधील हान्स व्हान झुटफेन यांचे ‘स्टिरिओ टूल’ यासाठी जगभर वापरले जाते.

आवाज आधी एजीसीतून (स्वयंचलित पातळी-नियंत्रकातून) जातो, जो पातळी सावकाश वरखाली करतो. पुढे मल्टिबँड कॉम्प्रेसर खर्ज, मध्य आणि तार असे पट्टे वेगवेगळे आवळतो, त्यामुळे ढोलकीच्या ठोक्यासरशी गायिकेचा आवाज दबत नाही. शेवटी लिमिटर व क्लिपर उरलेली टोके कापतात.

एफएमची खरी अडचण प्री-एम्फसिसची. खरखर कमी व्हावी म्हणून प्रसारणात वरच्या कंप्रता मुद्दाम वाढवतात. ही वाढ किती हे ठरवणाऱ्या ५० मायक्रोसेकंदांच्या मानकात १५ किलोहर्ट्झला ती सुमारे १३.७ डेसिबल होते. ट्रान्समीटरची मर्यादा मात्र ±७५ किलोहर्ट्झ विचलनाचीच (लहर मूळ कंप्रतेपासून दोन्हीकडे सरकण्याचीच) राहते. म्हणून बातम्या वाचताना ‘स’, ‘श’, ‘च’ ही अक्षरे आधी मर्यादेला भिडतात आणि क्लिपर निकृष्ट असेल तर चरचरतात. प्रोसेसर पारखायचा तर गाण्यावर नव्हे, बोलण्यावर पारखावा.

१९२ किलोहर्ट्झ सॅम्पलिंगचे (सेकंदाला १,९२,००० नमुने घेणारे) साउंड कार्ड असेल तर १९ किलोहर्ट्झचा पायलट (रेडिओला स्टिरिओची खूण देणारा सूर), ५३ किलोहर्ट्झपर्यंतचा स्टिरिओ भाग आणि ५७ किलोहर्ट्झवरील आरडीएस (केंद्राचे नाव वगैरे मजकूर) धरून संपूर्ण एमपीएक्स (ट्रान्समीटरला द्यायचा एकत्रित) संकेत संगणकच तयार करतो. भारतातील सामुदायिक रेडिओ केंद्रांची प्रसारणशक्ती साधारण १०० वॉटपर्यंतच असते. अशा ठिकाणी वेगळ्या स्टिरिओ जनरेटरचा खर्च वाचतो आणि सरासरी पातळी उंचावल्याने क्षेत्राच्या कडेलाही बोलणे खरखरीवर उठून ऐकू येते.

इंटरनेट स्ट्रीमला प्री-एम्फसिस नसते, त्यामुळे तिथे एफएमचेच सेटिंग लावणे चुकीचे. क्लिपरने निर्माण केलेली विकृती एमपी३ किंवा एएसी कोडेकला (आवाज लहान आकारात बसवणाऱ्या प्रणालीला) नाहक बिट खर्चायला लावते, आणि कमी बिटरेटला आवाज पाणचट होतो. स्ट्रीमसाठी क्लिपर बंद ठेवून सौम्य लिमिटर वापरावा आणि ट्रू पीक (प्रत्यक्ष लहरीचे सर्वोच्च टोक) डिजिटल कमाल पातळीच्या सापेक्ष −१ डेसिबलच्या खाली ठेवावे. लाउडनेस (कानाला जाणवणारा मोठेपणा) आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या (आयटीयू) बीएस.१७७० पद्धतीने मोजतात. युरोपीय प्रसारकांच्या आर१२८ शिफारशीत लक्ष्य −२३ एलयूएफएस (लाउडनेसचे एकक) आहे, स्ट्रीमवर ते सहसा −१६च्या आसपास ठेवतात.

पुढचा आवाज आधी पाहून ठरवणाऱ्या लिमिटरमुळे थोडा उशीर होतो. स्वतःचा आवाज उशिरा कानी पडला की निवेदक अडखळतो, म्हणून त्याच्या हेडफोनला प्रोसेसरच्या आधीचा किंवा कमी विलंबाचा वेगळा आवाज देतात.