कुर्ट बॉइस : मिनिटभराच्या भूमिकेमागचं बर्लिन

‘कासाब्लांका’ पाहिलेल्यांना तो खिसेकापू नक्की आठवेल. चित्रपट जेमतेम सुरू झालेला असतो. एका इंग्रज जोडप्याशी तो अदबीने बोलतो, या शहरात गिधाडं फिरताहेत, जपून राहा, असं कळकळीने बजावतो आणि बजावता बजावताच त्या गृहस्थाचं पाकीट लांबवतो. पुढे रिकच्या कॅफेत तो वेटरला नुसता घासून जातो, तरी वेटर घाईघाईने आपले सगळे खिसे चाचपून बघतो. काम एवढंच. श्रेयनामावलीत त्याचं नावही नाही. तो नट म्हणजे कुर्ट बॉइस. १९४२ साली तो ही भूमिका करत होता, तेव्हा अभिनयात त्याची तीसहून अधिक वर्षं झाली होती आणि एके काळी बर्लिनमध्ये प्रेक्षक त्याच्या नावावर तिकिटं काढत होते.

बॉइसचा जन्म ५ एप्रिल १९०१ रोजी बर्लिनमधल्या ज्यू कुटुंबात झाला. सहा-सात वर्षांचा असतानाच तो रंगमंचावर आणि पडद्यावर आला. सिनेमा ही तेव्हा जत्रेतली नवलाईच होती. संगीतकार लेओ फालच्या एका ऑपेरेटामधली (हलक्याफुलक्या संगीत नाटकातली) छोट्या हाइनर्लेची भूमिका त्याने केली आणि तो बालनट म्हणून गाजू लागला. १९०९ मध्ये एका मूकपटात तो चिमुकला गुप्तहेर झाला. अनेक बालनट मोठे झाल्यावर विस्मरणात जातात. बॉइसने मात्र आपल्या लहानखुऱ्या, चपळ शरीरालाच भांडवल केलं. १९१९ मध्ये दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिचच्या ‘ऑयस्टर प्रिन्सेस’ या मूकपटामध्ये तो वाद्यवृंदाचा संचालक झाला आहे. लग्नघरात फॉक्सट्रॉट या नाचाची रोगासारखी साथ पसरते आणि हा कंबर हलवत वाद्यवृंद चालवतो. मूकपट असूनही तिथे संगीत ऐकू येतं, असं मला दर वेळी वाटतं.

१९२० च्या दशकात कॅबरे, विनोदी नाटकं आणि चित्रपट अशा तिन्ही ठिकाणी त्याचा जम बसला. ‘चार्लीज आंट’मधली त्याची ‘मावशी’ विशेष गाजली. मूळचं हे इंग्रजी नाटक आचार्य अत्र्यांच्या ‘मोरूची मावशी’मुळे आपल्याही घरचं झालेलं आहे, त्यामुळे लुगडं नेसलेल्या पुरुषाच्या धांदलीवर पोट धरून हसणं मराठी माणसाला वेगळं सांगायला नको. १९२७ च्या एका विनोदी चित्रपटातही बॉइसने असंच स्त्रीवेषात धमाल नृत्य केलं.

त्याच नृत्याचं पुढे जे झालं, ते वाचताना आजही संताप येतो. १९३३ मध्ये नाझी सत्तेवर आले, ज्यू कलावंतांना रंगभूमीची आणि स्टुडिओंची दारं बंद झाली आणि बॉइसने देश सोडला. तो व्हिएन्नामार्गे अमेरिकेला गेला. १९४० मध्ये नाझींनी ज्यूंविरुद्ध द्वेष पेरण्यासाठी एक प्रचारपट काढला. त्यात बॉइसच्या त्या नृत्याचा तुकडा ज्यूंच्या ‘अधःपाता’चा पुरावा म्हणून जोडला होता. ज्या देशाला त्याने हसवलं, त्याच देशात त्याचं हसवणं आता आरोपपत्र झालं होतं.

हॉलिवूडमध्ये युरोपातून आलेल्या नटांची तोवर गर्दी झाली होती. जर्मन उच्चार ऐकू आला की नायकाचं काम मिळणं अशक्यच. मग हेड वेटर, शिंपी, नृत्यशिक्षक, हॉटेलचा कारकून, निर्वासित अशी कामं वाट्याला येत. युद्ध सुरू झाल्यावर त्यात नाझी अधिकाऱ्यांची भर पडली. नाझींच्या तावडीतून सुटलेली माणसंच पडद्यावर नाझी गणवेश चढवू लागली. बॉइसला बहुधा मिनिटा-दोन मिनिटांचंच काम मिळे, पण त्या अवधीत तो माणूस उभा करी. १९४१ च्या ‘होल्ड बॅक द डॉन’मध्ये मेक्सिकोच्या सीमेवर अमेरिकेत प्रवेशासाठी ताटकळणाऱ्या निर्वासितांपैकी तो एक आहे. माझ्या मते त्याचं अमेरिकेतलं सर्वांत चांगलं काम १९४९ च्या ‘कॉट’ (Caught) या चित्रपटातलं. दिग्दर्शक माक्स ओफ्युल्स, तोही जर्मनी सोडून आलेला. धनाढ्य मालकाच्या मागेपुढे करणारा, गोड बोलून स्वतःची लाज झाकणारा फ्रान्झी बॉइसने असा केला आहे की त्याची कीव आणि चीड एकदमच येते.

१९५० मध्ये तो परतला, तो थेट पूर्व बर्लिनला. तिथे नाटककार बर्टोल्ट ब्रेख्तच्या ‘बर्लिनर आन्सांब्ल’ या नाट्यसंस्थेत १९५२ साली तो ब्रेख्तच्याच नाटकातला जमीनदार पुंटिला झाला. दारू चढली की मायाळू आणि उतरली की निर्दय असा हा माणूस. अनेक वर्षांनी त्याला नाटकभर व्यापणारी भूमिका मिळाली होती. १९५४ मध्ये तो पश्चिम बर्लिनला गेला आणि पुढची काही दशकं नाटक व टेलिव्हिजन करत राहिला.

ब्रूनो गान्झ आणि ओटो झांडर या दोन नटांनी १९८२ मध्ये बॉइस आणि बेर्नहार्ड मिनेटी या दोन वृद्ध नटांवर माहितीपट केला. पाच वर्षांनी दिग्दर्शक विम वेंडर्सच्या ‘विंग्ज ऑफ डिझायर’ या चित्रपटात गान्झ आणि झांडर देवदूत होते आणि बॉइस होता होमर नावाचा थकलेला कथाकार. पूर्व-पश्चिम बर्लिन तोडणाऱ्या भिंतीलगतच्या ओसाड माळावर तो एके काळचा गजबजलेला चौक, पोट्सडामर प्लाट्झ, शोधत फिरतो. इथे कॅफे होता, इथे ट्रॅम होत्या, असं पुटपुटत टाकून दिलेल्या एका खुर्चीत बसतो. जे शहर तो शोधतो आहे, त्याच शहरात कुर्ट बॉइस लहानाचा मोठा झाला होता. या भूमिकेसाठी १९८८ मध्ये, पहिल्याच युरोपियन फिल्म अवॉर्ड्समध्ये, त्याला सहाय्यक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. पुढच्या नोव्हेंबरात भिंत पडली, तेव्हा तो ८८ वर्षांचा होता. २५ डिसेंबर १९९१ रोजी त्याचं निधन झालं, बर्लिनमध्येच.